मूर्तीचे डोळे

पाच वर्षांपूर्वी, गणपतीला बरोबर नऊ दिवस राहिले असताना, पेणच्या एका कारखान्यात माझ्या आईला मूर्तीचे डोळे रंगवू दिले नाहीत. ओल्या शाडूचा वास आला की अजून तोच दिवस समोर येतो. आई तिथे सहा वर्षं माती मळत होती. डोळे आखायला ती घरी, फुटक्या मूर्तींवर शिकली होती. आखणीचा कारागीर तापानं आडवा झाला म्हणून तिनं ब्रश उचलला, तर मालक म्हणाला, "तू नको गो. बौद्धवाड्यातल्या बाईनं काढलेले डोळे गिऱ्हाइकाला चालायचे नाय." आई म्हणाली, "आन् मी मळलेली माती चालते व्हय, शेठ? मंग आख्खा गणपतीच माझ्या हातचा हाय. मोडा आता सगळे!" शेडमधल्या बाया तोंडाला पदर लावून हसल्या. जातीवरून असं काम नाकारणं कायद्यानं गुन्हा आहे, म्हणून मी त्याच संध्याकाळी तक्रार लिहिली. साक्षीला त्या हसणाऱ्यांतली एकही आली नाही. आई आता घरीच मूर्ती करते, डोळ्यांसकट. तक्रारीवरची साक्षीदाराची जागा मात्र कोरीच आहे. उद्या तुमच्यासमोर कोणी असं बोललं, तर नुसते हसू नका. सही करा.