पेटीतली माणसं

नोकरीत खून, दरोडे, जाळपोळ असे पुष्कळ गुन्हे तपासले. बरेचसे आता एकमेकांत मिसळून गेले आहेत. हा एक तपास मात्र जसाच्या तसा लक्षात राहिला आहे. तो आठवला की अजूनही बसल्या जागी अस्वस्थ व्हायला होतं.

नव्वदचं दशक संपत आलं होतं. नगर जिल्ह्याच्या उत्तर भागातल्या एका मोठ्या गावात मी पोलीस ठाण्याचा प्रभारी होतो. गावाचं नाव लिहीत नाही. त्या प्रकरणातली मुलं आज संसाराला लागली आहेत. गावाच्या चोहीकडे ऊस होता, आणि बाजार करायचा तर श्रीरामपूरची एस.टी. धरायची. ठाण्यात एक टाइपरायटर आणि एक बिनतारी संच, एवढीच काय ती आमची यंत्रं. इंटरनेट हा शब्द मी वर्तमानपत्रात वाचला होता, इतकंच.

सकाळची हजेरी घेऊन मी खोलीत बसलो होतो. शाळेच्या मुख्याध्यापिका आल्या. ठाणे अंमलदारासमोर त्या काही बोलेनात. मी दार लोटायला सांगितलं.

"साहेब, तक्रार आहे की नाही, तेच मला कळत नाही," त्या म्हणाल्या. "काल शाळेत वर्गांचे फोटो काढले. फोटोवाल्याने कॅमेरा उचलला आणि चौथीतली एक मुलगी एकदम ताठ उभी राहिली. हात मागे, डोळे मिटलेले. मी हाक मारली तरी हलेना. मला वाटलं, लाजली असेल. मग दुसरीचा वर्ग आला. त्यातला एक मुलगा अगदी तसाच उभा राहिला. पाचवीतली एक मुलगीसुद्धा. तिघं वेगवेगळ्या वर्गांतली, वेगवेगळ्या वस्त्यांतली, आणि उभं राहणं एकसारखं. कुणीतरी शिकवल्यासारखं."

"मग?"

"चौथीतलीला मी जवळ घेतलं. ती माझ्या कानाशी म्हणाली, 'बाई, लाल दिवा विजला का?' तिथे कुठलाही दिवा नव्हता, साहेब. इतकी वर्षं मुलं शिकवतेय. लाजणारं मूल मला कळतं. ही लाजत नव्हती."

मी डायरीत नोंद केली नाही. गावात ठाण्याची डायरी काही फार गुप्त राहत नसते. साध्या कपड्यातला एक माणूस पाठवून एवढंच काढलं, की या तिघांमध्ये सारखं काय आहे. दोन दिवसांत उत्तर मिळालं. उन्हाळ्याच्या सुट्टीत तिघंही एका फुकट कॉम्प्युटर वर्गाला जात होती.

वर्ग चालवणारा गृहस्थ बाहेरून आलेला होता. पन्नाशीच्या आतला, शिकलेला, मृदू बोलणारा. गावाबाहेर उसाच्या पलीकडे त्याने बंगला भाड्याने घेतला होता. झेंडावंदनाला त्याला मानाने बोलवायचे. पोरं फुकटात कॉम्प्युटर शिकतात म्हणून गाव त्याच्यावर खूश होतं. अशा माणसावर नुसत्या संशयाने हात टाकला आणि काही निघालं नाही, तर मुलांची तोंडं कायमची मिटणार होती. आणि उशीर केला तर त्याला सगळं पुसून टाकायला वेळ मिळणार होता.

मी नगरहून एक महिला हवालदार बोलावून घेतल्या. शांत बाई होत्या. युनिफॉर्म न घालता त्या चौथीतल्या मुलीच्या घरी गेल्या. मुलीची आई शेतमजुरीला जाणारी. ओसरीवर मेथी निवडत बसली होती. हवालदारही जुडी ओढून निवडायला बसल्या. तिथलं बोलणं त्यांनी मला नंतर शब्दशः सांगितलं.

आई म्हणाली, "आमाला काय म्हाईत न्हाई, बाई. पन सुट्टीपासनं पोरगी लई गप झाली. कंदिलाला लाल कागूद लावला हुता धाकट्यानं, खेळ म्हनून. तर ही भितीला चिकटून उबी. रातभर हालली न्हाई."

मुलगी बाजूलाच होती. हवालदारांनी तिच्याकडे न बघताच विचारलं, "लाल दिवा लागला की काय करायचं असतं गं?"

बऱ्याच वेळाने मुलगी बोलली. "हालायचं न्हाई. हाललं की पुन्ना पयल्यापासनं."

"आणि विझला की?"

"मग काका पेटीत बगायचे. म्हनायचे, तिकडच्या मानसान्ला तू आवडली. ते उद्या पन बोलावत्यात."

"तिकडची माणसं कोण?"

"म्हाईत न्हाई. पेटीतली."

आईच्या हातातली मेथी तशीच राहिली. हवालदार मात्र निवडत राहिल्या. पुढचं सगळं मुलगी त्यांना सांगत गेली. ते इथे लिहिण्याचं कारण नाही. त्याच दिवशी आईची फिर्याद घेतली आणि मुलीला वैद्यकीय तपासणीसाठी नगरला नेलं. डॉक्टरांचा अहवाल फिर्यादीला दुजोरा देणारा होता.

दुसऱ्या दिवशी दुपारी दोन पंच आणि नगरच्या एका कॉलेजात कॉम्प्युटर शिकवणारे प्राध्यापक यांना घेऊन मी बंगल्यावर गेलो. दार त्याने स्वतः उघडलं.

"या ना साहेब. चहा ठेवू?"

घर इतकं स्वच्छ होतं, की बूट घालून आत जाताना संकोच वाटला. समोरच्या खोलीत टेबलावर कॉम्प्युटर, त्याला जोडलेली टेलिफोनची तार. आतल्या खोलीच्या खिडक्यांना काळा कागद चिकटवलेला. मध्यभागी लहान मुलाला बसेल एवढीच खुर्ची. फळीवर खेळणी ओळीने मांडलेली, बाहुल्या, मोटारी, सगळ्या कोऱ्या. एकाचंही वेष्टण काढलेलं नव्हतं. मुलांचा वर्ग भरतो त्या घरात कुठे खडूचा डाग नाही, भिंतीवर ओरखडा नाही. एका पंचाने मला हळूच विचारलं, "साहेब, हितं पोरं खरंच येत्यात का?"

काळ्या कागदाबद्दल विचारलं, तर म्हणाला, "पडद्यावर उजेड पडतो. मुलांचे डोळे दुखतात." कॅमेऱ्याबद्दल विचारलं, तर हसला. "माझ्याकडे कॅमेरा नाही." घर पालथं घातलं. कॅमेरा सापडला नाही.

त्याला ठाण्यात आणलं. प्राध्यापक दोन शिपायांसह बंगल्यावरच मशीनपाशी थांबले. चौकशीत मी त्याला फार काही विचारलं नाही, बोलू दिलं. निर्दोष माणूस आधी आरोप काय आहे ते विचारतो, चिडतो, मुलांना समोर आणा म्हणतो. यातलं याने काही केलं नाही. कोणत्या मुलाने तक्रार केली, हेही विचारलं नाही. अधूनमधून एकच प्रश्न, तोही सहज विचारल्यासारखा.

"मशीन बंद करून आलात ना, साहेब?"

पहिल्यांदा मी लक्ष दिलं नाही. दुसऱ्यांदा त्याने सांगितलं, की चालू असताना वीज गेली तर बिघाड होतो. तिसऱ्यांदा विचारताना त्याची नजर माझ्यावर नव्हती. माझ्या मागच्या भिंतीवरच्या घड्याळावर होती. दिवस मावळायला आला होता.

मी त्याला कोठडीत पाठवून जीप काढली.

बंगल्यावर पोचलो तेव्हा प्राध्यापक खुर्ची मागे सरकवून उभे होते. शिपाई दारात. "मी हात लावलेला नाही," प्राध्यापक म्हणाले. "आपोआप सुरू झालं." मशीनमधून टेलिफोन फिरवल्याचे आवाज येत होते. पाठोपाठ एक कर्कश किंचाळी, मग खरखर, मग एकदम शांतता. ठरलेल्या वेळी स्वतःच फोन लावायचा, असं त्याने मशीनला सांगून ठेवलेलं होतं. पडद्यावर परदेशातला नंबर दिसत होता. खाली इंग्रजीत अक्षरं उमटू लागली. कुणीतरी तिकडे बसून लिहीत होतं.

प्राध्यापकांनी वाचून अर्थ सांगितला. "आज लिहीत का नाहीस? आम्ही सगळे वाट पाहतोय."

त्या खोलीत आम्ही चौघं होतो. मला मुलीचे शब्द आठवले. पेटीतली माणसं. तोपर्यंत तो पोरीचा समज आहे असं मी धरून चाललो होतो.

मग एक चित्र उघडायला लागलं. त्या काळी चित्र एकदम दिसत नसे, वरून खाली एकेक रेघ उतरत यायची. आधी छत दिसलं. मग पंखा. मग खिडकी, तिच्यावरचा काळा कागद. शेजारच्याच खोलीची खिडकी. पुढे काय येणार ते आम्हाला कळलं होतं.

"हे इथून तिकडे चाललंय," प्राध्यापक म्हणाले. "चालू ठेवलं तर त्या लोकांचा आणखी काही माग लागेल कदाचित. तोडलं तर ते सावध होतील."

"तार काढा," मी म्हणालो.

त्यांनी तार ओढली. पडद्यावर अर्धवट चित्र राहिलं. पूर्ण चित्र मशीनमध्ये होतंच, आणि तशी इतरही. पंचनाम्यासाठी पंचांना पुन्हा बोलावलं, आणि मला ती पाहावी लागली. पंचांपैकी एक बाहेर जाऊन ओट्यावर बसला. त्याला मी परत बोलावलं नाही, दुसरा पंच आणला. चित्रांतली काही मुलं आमच्या गावची नव्हती. ती कुठली, ते आम्हाला कधीच कळलं नाही.

ठाण्यात परतून मी त्याला फक्त पडद्यावरचं वाक्य सांगितलं. त्याचं हसू गेलं. म्हणाला, "त्यांना काही उत्तर दिलंत का?" पकडलं गेल्याची नव्हे, त्यांची भीती होती त्याच्या आवाजात. त्यानंतर तो बोलत गेला. त्याच्या निवेदनावरून स्वयंपाकघरातली बाजरीची कोठी उपसली. तळाशी, फडक्यात गुंडाळलेला व्हिडिओ कॅमेरा होता. चित्रीकरण सुरू झालं, की त्याच्या पुढच्या बाजूला एक बारीक लाल दिवा लागायचा.

खटला सोपा नव्हता. मुलांसाठीचा आजचा कायदा तेव्हा नव्हता, कॉम्प्युटरच्या गुन्ह्यांचाही नव्हता. जुन्या कलमांवर उभं राहायचं होतं. दुसरीतल्या मुलाच्या आईबापांनी जबाब द्यायला नकार दिला आणि ते गाव सोडून सुप्याकडे कामाला गेले. पाचवीतल्या मुलीचे वडील माझ्यासमोर हात जोडून उभे राहिले. "साहेब, आमची पोर यात घेऊ नका. तिचं लगीन व्हायचं हाय." मी त्यांना दोष देऊ शकलो नाही. उरली चौथीतली एकटी.

सुनावणी बंद दरवाजाआड झाली. न्यायाधीशांनी आधी तिला विचारलं, "खरं बोलायचं म्हणजे काय, माहीत आहे का?"

"झालं तसं सांगायचं," ती म्हणाली. "जास्तीचं न्हाई, कमीचं न्हाई."

तिने तसंच सांगितलं. आरोपीच्या वकिलांनी विचारलं, "हे सगळं तुला पोलिसांनी शिकवलं ना?"

"न्हाई. त्यांनी इचारलं फकस्त. आदी कुनी इचारलंच नव्हतं."

आरोपीला दीर्घ मुदतीची सक्तमजुरी झाली. वरच्या न्यायालयातही ती कायम राहिली. तो परदेशी नंबर मी अहवालासह वर पाठवला, तो मुंबईला गेला, मुंबईहून पुढे. स्मरणपत्रं पाठवली. माझी बदली होईपर्यंत उत्तर आलं नाही.

अपिलाचा निकाल लागल्यावर मुद्देमाल नष्ट करण्याचा आदेश आला. मशीनमधली, चित्रं साठवलेली चकती न्यायालयाच्या मागच्या आवारात घणाने फोडली. मुलीची आई आली होती. तुकडे गोळा होईपर्यंत ती पदर तोंडाशी धरून उभी होती.

"आता संपलं ना, साहेब?"

खोटं बोलायला जड नव्हतं, पण बोललो नाही. "आपल्याकडचं संपलं, ताई," मी म्हणालो. "तिकडे गेलेलं परत आणता येत नाही."

तिने मान हलवली. "मग पोरीला काय सांगू?"

"सांगा, तू बोललीस म्हणून गावातल्या बाकीच्या पोरांच्या वाट्याला हे आलं नाही."

ती म्हणाली, "व्हय. ते सांगते." आणि एस.टी. गाठायला निघून गेली.

गुन्हेगार काळोखात, आडरानात शोधायचे, असं आम्हाला प्रशिक्षणात शिकवलं होतं. हा गुन्हा भर दिवसा घडला, लखलखीत घरात, गावाच्या कौतुकात. तो उघडकीस आला तो माझ्या हुशारीमुळे नव्हे. एका बाईंनी मुलांचं उभं राहणं नीट पाहिलं, दुसऱ्या बाईंनी मेथी निवडता निवडता वाट पाहिली, आणि एका लहान मुलीने झालं तसं सांगितलं. पुढे जिथे बदली झाली, तिथे मी शाळांत जात राहिलो. भाषण देत नसे. मागच्या बाकावर बसून मुलांकडे बघत असे, आणि एखादं मूल फारच गप्प वाटलं तर त्याच्या बाईंना विचारत असे. बहुतेक वेळा काहीच नसायचं. तरी विचारत असे.