नाना काही बोलले नाहीत

आमच्या घरी कोळंबी शिजायची की नाही, हे ज्या माणसाच्या शब्दावर ठरे त्यानं जन्मात कोळंबी तोंडात घातली नव्हती. नाना शुद्ध शाकाहारी. एकादशी करणारे, सोवळ्यात पूजा करणारे, लसूणसुद्धा फोडणीला टाकताना देवाकडे पाठ करणारे. आणि आम्ही भाट्याच्या खाडीकाठची माणसं, सोमवार-गुरुवार कसेबसे काढणारी. दोन्ही घरांच्या मध्ये जांभ्या दगडाचा कमरेएवढा गडगा. त्याच्या पलीकडून नानांचं नाक आमच्या स्वयंपाकघरावर लक्ष ठेवून असे.

नाकात बोलणारी माणसं रत्नागिरीला नवीन नाहीत. नाकानं निर्णय देणारा माणूस मात्र मी हा एकच पाहिला. आंब्याच्या अढीत हात न घालता, नुसते दारात उभे राहून ते सांगत, "डावीकडे तळाला एक गेलाय, काढा त्याला." पेंढा उपसून बघावं तर डावीकडे तळाला एक गेलेला असेच. दूध नासण्याआधी त्यांना कळे. दूध तापवायला ठेवणाऱ्या बाईला ते नंतर कळे, आणि ती नानांवरच चिडे.

कचेरीतून निवृत्त होऊन ते शेजारी राहायला आले तेव्हा मी कॉलेजात होते. बायको आधीच गेलेली, मुलगा पुण्याला. सामान लावून होतंय न होतंय तोच एका सकाळी गडग्यावरून हाक आली, "अहो वहिनी, तुमच्याकडे काहीतरी मेलंय."

आई कोळंबी सोलायला नुकतीच बसली होती. ती जागेवरून न उठता म्हणाली, "आमच्याकडे रोजच काहीतरी मेलेलं असतं नाना. कोळंबी आहे."

"ती ओळखतो मी. कालही होती. कालची अशी नव्हती. ही फार दिवसांपूर्वी मेलीय."

आईला राग आला. बामणानं येऊन आपल्याला मासळी शिकवावी, म्हणजे झालंच की! कोळंबी बघायला तिला कुणी शिकवायची गरज नव्हती. डोकं धडाला घट्ट हवं, साल तुकतुकीत हवं, डोक्याशी नि पायांशी काळं पडलेलं नको, हाताला बुळबुळीत लागता कामा नये. पण त्या दिवशी तिनं घाईत नुसती वरवर बघून घेतली होती, आणि बर्फातली कोळंबी वरवर बघणाऱ्याला बरोबर फसवते. आता नीट बघितलं तर डोकी हाताला लावताच सुटून येत होती. तिनं सगळी कोळंबी माडाच्या आळ्यात पुरली. त्याच टोपलीतली वरच्या वाडीत गेली होती. तिथली मंडळी दुसऱ्या दिवशी ओळीनं सलाईन लावून पडली होती. आईनं नानांना एक नारळ नेऊन दिला आणि तोंडानं काही कबूल केलं नाही.

त्या दिवसापासून पद्धतच पडली. आई आपली तपासणी करून कोळंबी ताटात घेऊन गडग्याशी जायची. नानांचे नियम कडक होते. "आधी बर्फाची थंडी जाऊ दे. थंडीत वास दडून बसतो." "लिंबू पिळलेलं मी बघणार नाही." "ताट हातात धरा, वहिनी, गडग्यावर टेकू नका. गडगा सामाईक आहे." मग ते हात पाठीमागे बांधून, जरा पुढे वाकून, एकदाच वास घेत. दुसऱ्यांदा कधी नाही. वाईट असली तर म्हणत, "वहिनी, आज कुळथाचं पिठलं करा." चांगली असली तर एक अक्षर न बोलता वळत आणि घरात जाऊन नाक धूत.

मी एकदा विचारलं, "नाना, चांगली असली की तसं सांगत का नाही हो?"

"वाईट आहे हे सांगणं शेजारधर्म झाला," नाना म्हणाले. "चांगली आहे म्हणून सांगायला मी काय कोळीण आहे?"

आमच्या घरात पिठल्याला पुढे फार मोठा अर्थ आला. मला बघायला एक मुलगा आला होता, चांगला गोरागोमटा, परदेशात नोकरी. नाना आमच्या ओटीवर सुपारी कातरत बसले होते. पाहुणे गेल्यावर आईनं त्यांच्याकडे बघितलं. ते म्हणाले, "वहिनी, पिठलं." अप्पांनी दुसऱ्या दिवशी नकार कळवला. त्या मुलाचं पुढे काय झालं ते सांगून मी कुणाची निंदा करत नाही. त्याचं सध्या दुसरं लग्न मोडतंय, एवढंच. मी नंतर नानांना न विचारता लग्न केलं, गावातच राहते, आणि बरं चाललंय. पण माझ्या नवऱ्याशी नाना पहिली काही वर्षं जरा अंतर ठेवूनच बोलत.

अप्पा म्हणजे माझे वडील. सगळा जन्म बोटीवर काढलेला माणूस. घरी आले की त्यांना पहिल्या दिवशी कोळंबीचं कालवण लागे, आणि त्या दिवशी नानांचं पिठलं निघालं की त्यांचं तोंड बघण्यासारखं व्हायचं. एकदा ते गडग्याशी जाऊन भांडले. "अहो, ताजी फडफडीत आहे! मी स्वतः आणलीय, स्वतः वास घेतलाय!"

"तुम्हाला खायचीय ना?"

"मग काय पूजा करायचीय?"

"झालं तर. ज्याला खायची असते त्याला वास येत नाही," नाना म्हणाले. "तुमचं नाक तुमच्या पोटाचं ऐकतं. माझ्या पोटाचा काही संबंधच नाही, म्हणून माझं नाक मोकळं आहे." अप्पांनी पिठलं खाल्लं आणि नंतर बोटीवरच्या लोकांना हे वाक्य वर्षभर ऐकवलं.

तीन वर्षांपूर्वी अप्पांना आतड्याचं दुखणं निघालं. मुंबईला ऑपरेशन झालं, मग किमो. घरी आणले तेव्हा ओळखू येत नव्हते. काही खात नसत. सगळं पितळेसारखं लागतं म्हणायचे. आईनं काय काय करून बघितलं! मऊ भात, आटवल, खीर, पेज. ते एक घास घेऊन ताट सरकवायचे. डॉक्टर म्हणाले होते, मागतील ते द्या, अंगात काही जायला हवं. पण ताजं आणि नीट शिजलेलं. आता पोट बिघडलं तर निभावणं कठीण आहे. मी रोज ऑफिस सुटल्यावर तिकडे जायची आणि आईच्या तोंडाकडे बघून कळायचं, आजही नाही.

मे संपत आला होता. समुद्र खवळायला लागला होता, मासेमारी बंद व्हायला थोडेच दिवस राहिले होते. एका सकाळी अप्पा आपणहून म्हणाले, "कोळंबी खाईन म्हणतो."

आईनं मला फोन केला तो रडतच. मी तशीच बाजारात पळाले. बऱ्याच होड्या गेल्याच नव्हत्या. बर्फातली थोडी होती ती घेतली. डोकी तशी घट्ट होती, कुठे कुठे जरा काळपट. बरी म्हणावी तर बरी, वाईट म्हणावी तर तसंही नाही. आईनं ताट घेतलं आणि गडग्याशी गेली. मी तिच्या मागे.

नाना वाटच बघत होते. त्यांना सगळं कळलं होतं. आमच्याकडचं काहीही त्यांना गडग्यावरून कळतच असे. ते वाकले, वास घेतला. मग चष्मा काढला आणि पुन्हा वास घेतला. मी त्यांना दुसऱ्यांदा वास घेताना कधी बघितलं नव्हतं.

"वहिनी," ते म्हणाले, "मला आज वास येत नाही."

"सर्दी झालीय का?" आईनं विचारलं.

"सर्दी कसली! अप्पांनी ती खावी असं मला वाटतंय. सकाळपासून वाटतंय, देवासमोर बसलो तरी तेच. मग वास कुठून यायचा?"

मी ताट ओढून घेतलं, वास घेतला. मला ती अगदी ताजी वाटली. म्हणजे माझाही उपयोग नव्हता. आईनं घेतला आणि कळत नाही अशी मान हलवली. त्या दोन घरांत अप्पांनी खावी असं न वाटणारं एकही नाक शिल्लक नव्हतं.

"मग पिठलं," आई म्हणाली.

ती पिठलं ढवळत होती आणि पदरानं डोळे पुसत होती. मला नानांचा असा संताप आला होता की सांगता सोय नाही. इतकी वर्षं मोठा तोरा मिरवला, आणि नेमक्या वेळी कच खाल्ली! अप्पांनी ताट बघितलं, विचारलं, "नानानं सांगितलं?" आणि दोन चमचे खाऊन भिंतीकडे तोंड करून झोपले.

मी त्या रात्री आईकडेच राहिले. सकाळी नानांच्या देवघरातून घंटा वाजली नाही. असं कधी व्हायचं नाही. आई घाबरून बघायला निघणार, तेवढ्यात फाटकाशी रिक्षा थांबली. नाना उतरले. पायजमा गुडघ्यापर्यंत ओला, अंगाला मासळीचा वास, आणि हात लांब करून धरलेली एक प्लास्टिकची पिशवी. ते उजाडायच्या आत जेट्टीवर गेले होते. आजवर त्या बाजूच्या रस्त्यानंसुद्धा न जाणारा माणूस!

"नाकावर भरवसा नव्हता," ते म्हणाले. "म्हणून होडीतून उतरताना डोळ्यांनी बघितली. हलत होती. बायका हसल्या मला. हसू देत."

आणि त्यांनी ती पिशवी गडग्यावर ठेवली. सामाईक गडग्यावर. मग विहिरीवर जाऊन जी आंघोळ सुरू केली ती आमचं कालवण शिजलं तरी चालूच होती.

आईनं तिखट न घालता, नारळाच्या रसात, दोन आमसुलं टाकून केली. अप्पांनी खाल्ली. वाटी पुसून खाल्ली आणि म्हणाले, "अजून आहे?" आई हसायला लागली आणि रडायला लागली, दोन्ही एकदम. मी मागच्या दारी जाऊन नानांना ओरडून सांगितलं. त्यांनी डोक्यावर तांब्या ओतत नुसता हात वर केला.

अशा गोष्टींत शेवटी आजारी माणूस जातो. तर सांगून टाकते, अप्पा गेले नाहीत. त्या दिवसापासून खायला लागले ते लागलेच. आता ओटीवर बसून आल्यागेल्याला बोटीवरच्या गोष्टी सांगतात, त्याच त्या.

गेले ते नाना. गेल्या कार्तिकात, दुपारी ताक पिऊन आरामखुर्चीत टेकले ते तसेच. मुलगा पुण्याहून आला, सगळं रीतसर केलं, घराला कुलूप लावून गेला. आमचं त्यांचं सुतक नाही, नातं नाही, जात नाही. तरी तेरावा होईपर्यंत आईनं घरात मासळी आणू दिली नाही, आणि अप्पांनी मागितली नाही.

त्यानंतरच्या रविवारी मी कोळंबी घेऊन गेले. आईनं डोकी बघितली, साल बघितलं, बोटानं दाबून बघितलं, धुतली, थंडी जाईपर्यंत ताटात ठेवली. आणि मग ताट उचलून मागच्या दारानं बाहेर पडली. मला वाटलं, सवयीनं चाललीय, आठवेल नि परत फिरेल. ती फिरली नाही. गडग्याशी जाऊन उभी राहिली. पलीकडे कुलूपबंद दार, अंगणात फणसाची पानं साचलेली. तिनं ताट हातातच धरलं होतं, गडग्याला टेकवलं नव्हतं. बराच वेळ उभी होती.

आत आली तेव्हा अप्पा ओटीवरून उठून स्वयंपाकघराच्या दारात आले होते.

"काय म्हणाले नाना?" त्यांनी विचारलं.

"काही बोलले नाहीत," आई म्हणाली.

"मग चांगली आहे," अप्पा म्हणाले, आणि नारळ फोडायला कोयता शोधू लागले.