मुश्किलकाकांची सही

कुवेतला उतरलेल्या माणसाला अरबी येवो न येवो, दोन शब्द आठवड्याभरात त्याच्या तोंडात बसतात. 'माफी मुश्किल.' म्हणजे काही अडचण नाही. टॅक्सीवाला म्हणतो, बकाल्यातला, म्हणजे किराणा दुकानातला, माणूस म्हणतो, आपला कागद हरवून बसलेला कारकून तर हसत हसत म्हणतो. उलट 'फी मुश्किल', अडचण आहे, असं तोंडावर सांगणारा एकच माणूस मी त्या देशात पाहिला, आणि तो आमच्याच ऑफिसात खिडकीपाशी बसायचा. इजिप्तचे सहकारी त्यांना 'मिस्टर फी मुश्किल' म्हणत. आम्हा तीन-चार मराठी माणसांचे ते मुश्किलकाका.

ऑफिस राई नावाच्या भागात होतं, फरशांच्या एका शोरूमच्या वर. वीजकेंद्रं, खाऱ्या पाण्याचं गोडं पाणी करणारे कारखाने, असल्या कामांचे अहवाल आमची कंपनी लिहून द्यायची. मी फायली सांभाळायचे. प्रिंट काढा, भोकं पाडा, लेबल चिकटवा, कपाटात लावा. नवरा एका दवाखान्यात लॅब टेक्निशियन, बिऱ्हाड अब्बासियात. काका मंगफला एकटे राहत. मूळचे गुहागरकडचे. भारतातल्या एका अणुवीज केंद्रात बारा वर्षं काढून मग इकडे आलेले. पाचशे पानांचा अहवाल असला तरी पहिल्या पानापासून वाचायचे, आणि समासात पेन्सिलीनं 'पाहिले' असं बारीक अक्षरात लिहायचे. 'पाहिले' म्हणजे फक्त पाहिले. पटलं, असा त्याचा अर्थ नाही, हे त्यांनी मला पहिल्याच दिवशी बजावलं होतं.

सही मात्र ते उभं राहून करायचे. खुर्ची मागे सरकवायची, चष्मा पुसायचा, शाईचं पेन काढायचं आणि उभ्यानं सही. ऑफिस हसायचं. मीही हसले होते. "अगो, बसून माणूस कशावरही सही करतो," ते म्हणाले. "उभं राहिलं की जरा तरी वाटतं, आपण काहीतरी करतोय."

एकदा कंपनीकडे एक वेगळंच काम आलं. कॅरिबियन समुद्रातल्या एका बेटाला अणुवीज हवी होती, किंवा ती त्याला हवीय असं कोणीतरी ठरवलं होतं. तिथे अणुवीज केंद्राला वाव आहे का, याचा अहवाल द्यायचा होता. काम आणणाऱ्या मध्यस्थांकडे विकायला अणुभट्टी तयारच होती, म्हणजे उत्तर काय हवंय हे प्रश्न विचारायच्या आधीच ठरलेलं. आमच्या मॅनेजरसाहेबांनी ते काम काकांच्या टेबलावर ठेवलं. हे साहेब लखनौकडचे, जिभेवर साखर. मला 'बेटा' म्हणत, काकांना 'गुरुजी'. ज्याचा गळा कापायचा त्याला आधी मान द्यायचा, ही त्यांची पद्धत मला फार उशिरा कळली.

काका तीन महिने त्या बेटात बुडून गेले. नकाशा भिंतीवर लावला. जेवणाच्या सुट्टीत डबा उघडता उघडता मला समजावून सांगायचे. त्यांचा अणुविजेला विरोध नव्हता, हे नीट लक्षात घ्या. आयुष्याची बारा वर्षं त्यांनी तिच्यात घातली होती आणि त्या केंद्राबद्दल ते माहेराबद्दल बोलावं तसं बोलत. "पण हे बेट बघ," ते म्हणायचे. "सगळ्या बेटाला लागते त्याच्या निम्म्याहून जास्त वीज ही एकटी भट्टी देणार. ती बंद पडली की सगळं बेट अंधारात. आणि बंद पडलेली भट्टीसुद्धा थंड ठेवायला वीज लागते. ती आणायची कुठून? शेजाऱ्याकडून? शेजारी समुद्र!"

आणि मग त्यांचं ठरलेलं वाक्य यायचं. "पळायला जमीन लागते." हे त्यांनी पुस्तकात वाचलेलं नव्हतं. नव्वदच्या ऑगस्टात इराकी फौज कुवेतात शिरली तेव्हा काका इथेच होते. बसरा, बगदाद, मग जॉर्डनची सरहद्द, तिथे तंबूत काही दिवस, आणि शेवटी मुंबईचं विमान. बसमध्ये शेजारच्या बाईचं तान्हं मूल त्यांनी वाटभर मांडीवर घेतलं होतं. "रस्ता होता म्हणून वाचलो," ते सांगायचे. "या बेटावर वादळ येतं, धरणीकंप होतो. काही झालं तर लोकांनी जायचं कुठे, एवढं मला कोणीतरी दाखवा, मी आत्ता हो म्हणतो."

कोणी दाखवलं नाही. काकांनी अहवाल लिहिला. काय काय असेल तर हे केंद्र उभं करता येईल याच्या अकरा अटी घातल्या, आणि शेवटून दुसऱ्या पानावर निष्कर्ष दिला : आज यातलं काहीही नाही, तेव्हा आज उत्तर नाही असंच आहे. शेवटच्या पानावर, उभं राहून, सही केली.

आता माझा भाग. हा सांगताना अजून माझ्या तळपायाची आग मस्तकात जाते, आणि त्यातली निम्मी माझ्यावरच असते.

बुधवार होता. तिथे तेव्हा गुरुवार-शुक्रवार सुट्टी असायची. काका इकाम्याच्या, म्हणजे राहण्याच्या परवान्याच्या, नूतनीकरणासाठी सकाळीच सरकारी ऑफिसात गेले होते. मॅनेजरसाहेब परदेशात, त्या मध्यस्थांबरोबर. त्यांच्याकडून ईमेलनं दोन पानं आली आणि निरोप : टायपिंगच्या चुका काढल्यात, ही पानं अहवालात बदलून घे. मी प्रिंट काढली, भोकं पाडली, जुनी पानं काढून नवी घातली. वाचलं नाही. वाचणं माझं कामच नव्हतं ना! फायली सांभाळणारी बाई फायली वाचते कुठे?

तासाभरानं साहेबांचा फोन. "बेटा, गुरुजी का आखिरी पेज देख लिया? सही है ना?"

मी शेवटचं पान उघडलं. काकांची शाईची, ठसठशीत सही होती. माझं डोकं मराठीत चालणारं. मी म्हटलं, "हाँ सर, सही है."

"बस, तो भेज दो."

मी पाठवलं. त्यांच्या हिंदीत मी सांगितलं होतं की अहवाल बरोबर आहे. माझ्या मराठीत मी एवढंच सांगितलं होतं की खाली सही आहे. चार वर्षं मी त्या माणसाशी हिंदी बोलत होते आणि या एका शब्दाला अडखळले.

शनिवारी काकांनी सवयीप्रमाणे ऑफिसची प्रत काढली आणि वाचायला बसले. शेवटून दुसऱ्या पानावर निष्कर्ष होता : बेटावर अणुविजेला उत्तम वाव आहे. अकरा अटी त्याच्या आधीच्या पानावर तळटिपेत, बारीक टायपात. आणि पुढच्या पानावर त्यांची सही.

"हे कोणी पाठवलं?" ते ओरडले. त्यांचा आवाज इतका चढलेला मी कधीच ऐकला नव्हता. मी रडत रडत सगळं सांगितलं. फोनवरचा तो शब्दही सांगितला. त्यांनी प्रत टेबलावर ठेवली. "म्हणजे तू सही आहे म्हणालीस, नि त्यानं बरोबर आहे असं ऐकलं."

"हो काका. चुकून झालं."

"तुझं चुकून झालं. त्याचं नाही. त्याला दोन्ही अर्थ ठाऊक आहेत." मग जरा खालच्या आवाजात म्हणाले, "पण अगो, तू वाचायला हवं होतंस. हातातनं कागद जातो तो आपलाच असतो."

ते टोचलं. अजून टोचतं. साहेब परतल्यावर तर कमालच झाली. सगळ्यांसमोर हात पसरून म्हणाले, "गुरुजी, मैंने तो पूछा था. आपकी ही लड़की ने कहा, सही है." म्हणजे पानं बदलणारे हे, आणि पुढे केलेला शब्द माझा! मला त्या क्षणी हातातलं पंचिंग मशीन त्यांच्या टेबलावर आपटावंसं वाटलं. आपटलं नाही. नोकरी होती, इकामा होता, आणि माझ्यातही तेवढा दम नव्हता. हेही लिहून टाकलेलं बरं.

काकांनी आवाज चढवला नाही. जागेवर जाऊन त्यांनी बेटाच्या वीज खात्याला पत्र लिहिलं. चार ओळींचं. शेवटच्या पानावरची सही माझी आहे, तिच्या आधीचं पान माझं नाही, माझं पान सोबत जोडलं आहे. मला म्हणाले, "टाइप कर. आणि फॅक्स करायच्या आधी मोठ्यानं वाच." मी वाचलं. फॅक्सचं यंत्र कुरकुरत ते पत्र गिळत होतं तेव्हा ते शेजारी उभे होते.

पुढे काय होणार हे त्यांना ठाऊक होतं. कुवेतात माणसाचा मुक्काम कंपनीच्या हातात. आठ दिवसांत इकामा रद्द झाला, तिकीट निघालं. इतकी वर्षं 'गुरुजी, गुरुजी' करणारे लोक जिन्यात समोर आले की मोबाइलमध्ये बघायला लागले. आमच्यातलेच एक गृहस्थ मला म्हणाले, "म्हाताऱ्याला काय पडलं होतं? कुठलं बेट, कुठले लोक!" मी त्यांच्याशी बोलणं सोडलं. ते बेट कुठलं, लोक कुठले, हे त्या आख्ख्या इमारतीत एकट्या काकांना माहीत होतं.

बेटावर अणुवीज काही आली नाही. काकांच्या पत्रामुळे, असं म्हणायला मला आवडलं असतं. खरं कारण मला कधी कळलं नाही, आणि त्या पत्राला उत्तरही आलं नाही.

जायच्या दिवशी काका सामान घेऊनच ऑफिसात आले. साहेबांच्या टेबलावर त्यांचा पासपोर्ट, आणि त्याच्या शेजारी नोकरी सोडल्याचा कागद. अरबीत, एक पानभर. माझ्याकडे काकांच्या फायली परत आल्या का, हे सांगायला मलाही बोलावलं होतं. सरकारी कागदपत्रांची कामं करणारे आमचे मंदूब, इजिप्तचे अबू सालेम, दाराशी उभे होते. "रुटीन है, गुरुजी," साहेब म्हणाले. "सबका यही होता है."

काका उठले. चष्मा पुसला, पेन काढलं. शब्द न् शब्द वाचणारा हा माणूस अरबी कागदांवर मात्र इतकी वर्षं न वाचताच सह्या करत आला होता. आम्ही सगळेच करतो. अरबी येतं कोणाला?

मलाही येत नाही. पण एक शब्द मी डोळे मिटूनही ओळखला असता, कारण चार वर्षं तो छापलेली लेबलं मी फायलींवर चिकटवत होते. तक्रीर. म्हणजे अहवाल. तो त्या कागदाच्या मधोमध होता. नोकरी सोडण्याच्या कागदात अहवाल कशाला?

"काका, थांबा." मी कागद उचलला आणि अबू सालेमसमोर धरला. त्या ओळीवर बोट ठेवलं. त्यांनी वाचलं. साहेबांकडे पाहिलं, काकांकडे पाहिलं. माणूस पोटापाण्यासाठी त्याच कंपनीत होता. तरी खाली मान घालून, पुटपुटल्यासारखं, म्हणाले, "फी मुश्किल."

ओळ अशी होती : पाठवलेला अहवाल संपूर्ण माझा आहे आणि त्याबद्दलचं माझं पत्र मी मागे घेत आहे.

 पेनचं टोपण लावून काका खाली बसले. विमानाला चार तास होते आणि पासपोर्ट टेबलापलीकडे. साहेबांच्या आवाजातली साखर संपली होती. त्यांनी काकांना सोडून मलाच विचारलं, "क्या हुआ? सब सही है ना?"

"नहीं सर," मी म्हटलं. "सही नहीं है."

या वेळी हिंदीतही तेच आणि मराठीतही तेच. काका एकदम मोठ्यानं हसले. त्यांचं ते हसणं मी शेवटचं ऐकलं.

साहेबांनी पासपोर्टवर हात ठेवला. पण इकामा रद्द झालेला माणूस देशात ठेवून घेणं कायद्यानं कंपनीलाच जड जाणार होतं. शेवटी त्यांनी पेन उचललं आणि ती ओळ खोडली. नीट खोडली आहे की नाही, ते मी अबू सालेमकडून पान पहिल्यापासून वाचून घेऊन पाहिलं. मग मी काकांकडे बघून होकाराची मान हलवली.

काका पुन्हा उभे राहिले.