पंचवटीत उतरलेलं विमान

त्या वर्षी जग इतक्या वेगाने बदलत होतं की आमच्या गणेश मंडळाची दमछाक झाली. आफ्रिकेतला तो म्हातारा नेता तुरुंगातून सुटला, दोन जर्मनी एक व्हायला निघाले, आणि आम्ही पंचवटीतले लोक बातम्या लागल्या की टीव्हीसमोर असे बसायचो, जणू हे सगळं आम्हाला विचारूनच चाललंय. मी कॉलेजात होते. वक्तृत्वाचे दोन-चार कप मिळवलेले, म्हणून मंडळाच्या देखाव्याचं निवेदन माझ्या आवाजात कॅसेटवर भरलं जायचं. बाकी मंडळ सगळं पुरुषांचं. बाईचा आवाज चालायचा, बाईचं मत नाही.

त्या साली देखाव्याचा विषय आषाढातच ठरला होता: आदल्या वर्षी पडलेली बर्लिनची भिंत. भिंत थर्माकोलची, आणि तिच्यासमोर पुठ्ठ्याचे कोटवाले जर्मन. अडचण एकच होती. आमचे हलते देखावे दरवर्षी शेजारचे दादा बनवायचे. ते फिटर होते. भंगारातल्या मोटारीवर त्यांनी एकदा अख्खं समुद्रमंथन फिरवून दाखवलं होतं. पण आता ते नोकरीसाठी कुवेतला गेले होते. त्यांच्याविना आमची भिंत पडायची अगदी झोकात, पण पुन्हा उभी करायला चार जण पडद्यामागे रांगत जायचे.

आणि श्रावणात कुवेतमध्ये रणगाडे घुसले.

दादांचा फोन नाही, पत्र नाही. वहिनी रोज कोपऱ्यावरच्या एसटीडी बूथवर जाऊन यायच्या. त्या येवल्याच्या, पैठणीच्या मागावर वाढलेल्या. "लाइनच लागत नाय," एवढंच म्हणायच्या आणि भाजी निवडायला बसायच्या.

गल्लीत मात्र उत्साहाला उधाण आलं होतं. ज्यांना मनमाड कुठे ते नीट सांगता यायचं नाही, ते वाळवंटातल्या आघाड्या समजावून सांगायला लागले. मंडळाचे अध्यक्ष, म्हणजे आमचे किराणावाले काका, मांडी थोपटत म्हणाले, "भिंत शिळी झाली. कुवेत करू! रणगाडे, आग, धूर. पहिलं बक्षीस कुठे जात नाही."

माझं डोकंच फिरलं. "काका, शुभ बोल नाऱ्या, तर म्हणे मांडवाला आग लागली! वहिनींच्या दारासमोर तुम्ही कुवेत जाळणार? रोज संध्याकाळी?"

"अगं, जग काय आपल्यासाठी थांबतंय का?" काका म्हणाले.

वहिनी दारातच उभ्या होत्या. त्यांनी सगळं ऐकलं होतं. मला वाटलं, आता रडतील. त्या पायरी उतरून आल्या.

"करा कुवेत," त्या म्हणाल्या. "पण आपल्या देखाव्यात राक्षस मरतो, देव आशीर्वाद देतो, मगच पडदा पडतो ना? मग तिथली माणसं घरी आलेली दाखवा. विमानातून उतरलेली. तेवढं दाखवणार असाल तर करा."

ठरलं. पुढचे दिवस नुसती धमाल. बर्लिनच्या भिंतीला खिडक्या काढून कुवेतची इमारत केली. बांबू आणि थर्माकोलचं विमान झालं. नवी माणसं कापायला वेळ नव्हता, म्हणून तेच कोटवाले जर्मन हातात पिशव्या चिकटवून विमानातून उतरवले. "इतक्या उन्हातून कोट घालून कोण येतं?" असं एकाने विचारलं, तर सगळे त्याच्या अंगावर धावून गेले. विमान वरून कप्पीवर खाली आणायचं होतं, पण पोरांनी दोरी सोडली की ते धाडकन आपटायचं. शेवटी वहिनींनी दोरी हातात घेतली. विमान असं अलगद उतरलं की काकांनी शिट्टी मारली. तेव्हापासून ते काम वहिनींचं. मंडळाच्या पडद्यामागे बाई पहिल्यांदाच गेली, आणि कुणाची हूं की चूं करायची हिंमत झाली नाही.

निवेदन भरताना मात्र मी अडखळले. शेवटचं वाक्य होतं, "आणि सारे सुखरूप मायदेशी परतले." दादांचा पत्ता नव्हता. हे खोटं ठरलं तर? माझाच आवाज रोज कर्ण्यावरून वहिनींच्या घरात घुसणार होता.  वहिनी टेपरेकॉर्डरसमोर बसल्या होत्या. "जोरात म्हण," त्या म्हणाल्या. मी जोरात म्हटलं.

देखावा तुफान चालला. इगतपुरीहून, निफाडहून लोक आले. एकीकडे खऱ्या बातम्याही येत होत्या: लोक बसमधून वाळवंट ओलांडतायत, मुंबईत विमानं उतरतायत. उतरणाऱ्यांची नावं मात्र कळत नव्हती. आमचं विमान रोज कितीदा तरी उतरायचं आणि दर वेळी टाळ्या पडायच्या.

विसर्जन जवळ आलं होतं. खेळ रंगात असताना गर्दीतून एक दाढी वाढलेला माणूस वाट काढत पुढे आला. हातात नुसती प्लास्टिकची पिशवी. मी ओळखलं आणि किंचाळलेच. त्यांचा हात धरून मी पडद्यामागे धावले. "वहिनी, दादा! दादा आले!"

वहिनींनी वळून पाहिलं. विमान अजून अर्ध्यावर होतं.

"थांबा," त्या म्हणाल्या. आवाज कापत होता, पण दोरी नाही. "लोक बघतायत. विमान उतरू द्या."

दादा तिथेच थांबले. कर्ण्यावर मी सांगत होते की सारे सुखरूप परतले. चाकं फळीला टेकली, बाहेर टाळ्या झाल्या. वहिनींनी दोरी खुंटीला बांधली आणि खाली बसून मोठमोठ्याने रडायला लागल्या. मीही रडत होते, आनंदाने अक्षरशः नाचत रडत होते.

दादांनी त्यांचे हात हातात घेतले. दोन्ही तळवे दोरीने सोलून निघाले होते.

"हे काय करून घेतलंस?"

"तुम्हाला उतरवत होते," वहिनी म्हणाल्या.