बाहेरून घेतलेलं माप

पलसाण्याच्या ज्या डाइंग मिलमध्ये मी लॅब सांभाळतो, तिथल्या रंग कालवायच्या टाकीचा तळ वाटीसारखा गोल आहे. त्यामुळे नुसत्या उंचीवरून लिटर कळत नाहीत. ते मामांची काठी सांगायची. मामा म्हणजे रंग कालवणारे कामगार, धुळ्याकडचे, माझ्याहून दहाएक वर्षांनी मोठे. त्यांनी कधीकाळी टाकीत बादल्या मोजून पाणी ओतलं होतं आणि दर पन्नास लिटरला काठीवर एक खाच पाडली होती.

गेल्या वर्षी मॅनेजरनं छापील तक्ता मागितला. वक्र अक्षाभोवती फिरवून घनफळ काढायला मी बी.एस्सी.ला शिकलो होतो, पण त्यातलं काही आठवेना. मोबाइलवर एक ऑनलाइन कॅल्क्युलेटर सापडला. वक्राचं समीकरण भरायचं, कुठून कुठपर्यंत ते सांगायचं, अक्ष निवडायचा. बस.

टाकी भरलेली आणि गरम होती. मामा म्हणाले, "भाऊ, सुट्टीच्या दिवशी रिकामी असते. तेव्हा आतून माप घ्या ना."

सुट्टीच्या दिवशी मला घरून, भेस्तानहून, यायचं नव्हतं. मी बाहेरूनच टेप गुंडाळली, पत्र्याची जाडी वजा केली आणि आकडे भरले. उत्तर दशांशचिन्हापुढे सहा आकड्यांपर्यंत आलं. तेवढ्यानंच मला ते खरं वाटलं.

मामांनी तक्ता काठीशी ताडून पाहिला. "काठी पाचशे म्हणते. तुमचा कागद सहाशेच्या घरात जातो."

"मामा, काठी तुमची एकट्याची. गणित सगळ्या जगाचं."

मशीनवाला हसला. "मामा, काठी आता गावी पाठवा, म्हशी हाकायला!"

मामाही हसले. त्यांनी तक्त्याप्रमाणे, म्हणजे जास्त लिटरच्या हिशेबानं, रंग तोलून घातला.

माल गडद निघाला, सगळाच. मॅनेजर कापडाचा तागा हातात घेऊन आला. "कलर कोणे नाख्यो?"

"मैंने डाला, साहब," मामा म्हणाले. "चार्ट देखके डाला."

मॅनेजरनं माझ्याकडे पाहिलं. मी म्हणालो, "चार्ट बराबर है. तौलने में फरक आया होगा."

तेव्हा मला खरंच तसं वाटत होतं. खोटेपणा सुरू झाला तो दुपारी. डबा खाता खाता ध्यानात आलं की टाकीला दोन भिंती आहेत आणि मधल्या जागेतून वाफ फिरते. मी वजा केली होती फक्त बाहेरची भिंत. त्रिज्या बदलून पुन्हा भरली. पाचशे चार. आकड्याकडे बघत राहिलो. उरलेली भाजी संपवली, डबा धुतला, नवा तक्ता छापला आणि जुन्यावर चिकटवला.

मामांना घडी खात्यात, कापडाच्या घड्या घालायला पाठवलं. रंगावर दुसरा माणूस आला. तो नव्या तक्त्यावर काम करतो आणि शेड बरोबर येते. मॅनेजर म्हणतो, माणूस बदलला म्हणून माल सुधारला. मी मान हलवतो. घरी बायकोलाही मी हे सांगितलेलं नाही.

परवा पर्वत पाटियाच्या बाजारात भाजी घेताना मामा भेटले. घरच्यांची चौकशी झाली. मग म्हणाले, "भाऊ, एक विचारू? इतकी वर्षं रंग तोलला. त्या दिवशी हात कसा चुकला असेल?"

मी कोथिंबिरीची जुडी उलटसुलट करत राहिलो.

"बायको म्हणते, डोळ्यांचं असेल. काट्यावरचा आकडा नीट दिसला नसेल."

"वय होतं, मामा," मी म्हणालो. "दाखवून घ्या एकदा."

त्यांनी लगेच मान डोलावली. सरकारी दवाखान्यात डोळ्यांचे डॉक्टर कोणत्या वारी बसतात, केसपेपर किती वाजल्यापासून मिळतो, हे सगळं मी सांगितलं. त्यांना वेळ नीट लक्षात राहीना. मी पुन्हा सांगितली.