हप्ता तेवढाच

समोरच्या फ्लॅटमधल्या निखिलनं सकाळी बेल वाजवली आणि माझ्या हातावर पेढा ठेवला. "काका, व्याजदर वाढला, पण आमचा हप्ता तेवढाच राहिला. बँकेनं सांभाळून घेतलं."

पेढा हातातच राहिला. असाच पेढा मीही एकदा देवापुढे ठेवला होता. व्याज वाढलं की हप्ता वाढणार, एवढंच आम्हा पगारदार माणसांना कळतं. पगारातून तेवढीच रक्कम कापली गेली की सुटलो असं वाटतं. हप्ता तेवढाच ठेवून बँकेनं माझी मुदत लांबवली होती, हे फार उशिरा कळलं. पुढल्या महिन्यात मी निवृत्त होतोय, कर्ज मात्र होत नाही. हल्ली भिंतीला ओल दिसली तरी धस्स होतं. घर डागडुजीला आलं आणि आमचं ते विकत घेणं अजून चालूच आहे. जागेची किंमत सगळे सांगतात, तिच्यात जाणाऱ्या वर्षांची कुणी सांगत नाही.

निखिलला हे सांगावं की नाही, कळेना. शेवटी विचारलंच, "मुदत किती झाली, ते बघितलंस का रे?"

तो हसला, मग ते हसू तसंच अर्धवट राहिलं. "बघतो," म्हणून तो घरात गेला. त्याची बायको आत फोनवर आईला सांगत होती, बाळाच्या खोलीला पिवळा रंग द्यायचाय. उघड्या दारातून सगळं ऐकू येत होतं. मग ती बोलता बोलता मध्येच थांबली.

मी आमचं दार हळूच लोटून घेतलं. पेढा अजून हातातच होता.