पाय पिकायचे आहेत

भातसा धरणाच्या फुगवट्यात भागीरथी मोठ्या ट्रकच्या ट्यूबवर बसून जाळी लावते. ट्यूबवर बसलं की डोळे पाण्याला टेकतात, आणि जाळ्याच्या थर्माकोलच्या तुकड्यावर बसलेल्या पक्ष्याचे पाय बरोबर डोळ्यांसमोर येतात. म्हणून तिला पक्षी ओळखता येतात ते पायांवरून. कुरव म्हणजे पाण्यावरचे पांढरे-राखाडी समुद्रपक्षी; त्यातले लाल पायांचे छोटे कुरव सगळे लालपाये, आणि हिवाळ्यात एखाददुसरा येतो तो मोठा कुरव म्हणजे पिवळपाया. पाठ, पंख, डोकं बघून नाव सांगणाऱ्यांना ती माणसातच धरत नसे.

वाशिंदच्या कारखान्यात सुपरवायझर असलेला शेखर त्यातलाच. रविवारी हातभर लांब कॅमेरा घेऊन यायचा आणि जाताना तिच्याकडचे दोन मासे फुकट न्यायचा. भातसानगरच्या शाळेत पक्ष्यांचा फलक रंगवायचं ठरलं. तिथल्या शिक्षिका अक्षदाबाईंनी भागीरथीला विचारून चार चौकोन भरले होते, आणि खाली ‘माहिती : भागीरथी’ असं लिहायचं ठरलं होतं. आपलं नाव रेशनकार्डाबाहेर कुठेतरी लिहिलं जाणार, ही गोष्ट ती वरवर उडवून लावायची. पण फलकाला कुठला रंग देणार, हे तिनं दोनदा विचारलं होतं.

पाचव्या चौकोनावर अडलं. शेखर म्हणाला, तो मोठा पक्षी म्हणजे हेरिंग गल, वेगळ्याच जातीचा कुरव.

“पाठ बघा मावशी, फिकट राखाडी. आणि पाय गुलाबी. फोटो आहे माझ्याकडे.”

“पाठ काय बघतोस रे? उन्हात म्हैसपण पांढरी दिसते. तो पिवळपाया. तुझा तो हेरिंग का फेरिंग इथं येत नाय.”

“फोटो खोटा बोलेल?”

“तू बोलत नायस, म्हंजे तोच बोलत असंल.”

अक्षदाबाईंनी दोघांना रविवारी सकाळी काठावर बोलावलं. पाणी बरंच उतरलं होतं. काठाला पिवळा गाळ उघडा पडला होता. मोठा कुरव गाळातून फिरून एका खडकावर येऊन उभा राहिला होता. पाय पिवळे. लांबूनही दिसत होते.

“बघा बाई,” भागीरथी म्हणाली. “आनि याला सांगा, कॅमेरा इकून चष्मा घे.”

भागीरथीनं टोपलीतली माशांची आतडी पाण्यात भिरकावली, ती जरा जास्तच झोकात. कुरव उडाला, पाण्यात उतरला, पोटभर खाऊन पुन्हा त्याच खडकावर आला. पाय धुतले गेले होते. फिकट गुलाबी.

“हेरिंग,” शेखर हळूच म्हणाला.

बाईंनी भागीरथीकडे पाहिलं. तिनं गाळाकडे पाहिलं, मग स्वतःच्या पायांकडे. तेही गुडघ्यापर्यंत पिवळे झाले होते. इतक्या वर्षांत आपण पायांवरची माती मोजत आलो की काय, असा एक विचार तिच्या चेहऱ्यावरून जाताना दिसला. मग पहिल्यांदाच तिनं मान वर करून पक्ष्याचा वरचा भाग नीट न्याहाळला.

“चोचीच्या टोकाशी काळा पट्टा हाय. शेपटीत तपकिरी पिसं ऱ्हायलीत.” ती सावकाश बोलत होती. “लालपायांची पोरं आमी बघतो ना, त्यांचे पाय आदी फिके, पिवळट असतात. मागनं लाल होतात. तसाच हा. पोर हाय बाई. पाय पिकायचे हायत त्याचे.”

“पण गुलाबी…” शेखर म्हणाला.

“कोंबडी कधी पाळलीस का? पिलाच्या पायावरनं कोंबडा ठरीवतोस तू.”

शेखरनं कॅमेऱ्यात फोटो मोठा करून पाहिला. काळा पट्टा होता, तपकिरी पिसं होती. गेले चार रविवार या दोन्ही खुणा त्याच्याच फोटोत होत्या.

अक्षदाबाईंनी पिशवीतून वही काढली. “मग काय लिहू? मोठा कुरव, पिवळपाया?”

“नाय लिवायचं. पुढल्या थंडीत पाय पिवळे झाले तर लिवा. तवर चौकोन रिकामा ठेवा.”

“आणि खाली तुमचं नाव?”

भागीरथी जाळ्याकडे वळली. जाळं आवरायचं होतं, ते आवरलं.

“तेबी तवर ठेवा,” ती म्हणाली. “अर्धवट फळ्याखाली नको.”

“आणि तो पुढच्या वर्षी आलाच नाही तर?” शेखरनं विचारलं.

“फुकट खाल्लंय त्यानं. येतो,” ती म्हणाली आणि ट्यूब पाण्यात ढकलली. “तुज्यासारका.”

फलक शाळेच्या व्हरांड्यात लागला आहे. पाचवा चौकोन कोरा आहे, आणि खालची ओळही.